माझा चेहरा उजळू नये

मी, लव्होनिया पेटवे, वय एकाहत्तर, चित्रपट काढणारी आणि त्यांत कामही करणारी, राहणार बाल्टिमोर, कोणाच्याही दडपणाखाली न येता हे मृत्युपत्र लिहिते. डॉक्टरांनी हात टेकले आहेत. डोकं मात्र ठिकाणावर आहे.

१. घर माझी धाकटी बहीण अर्नेस्टीन हिला. दिवे आणि कॅमेरे शेजारच्या शाळेतल्या मुलींना. मोडले तरी चालतील, पण वापरावेत.

२. माझे चित्रपट. सगळे आमच्या काळ्या बायकांचे: बस चालवणाऱ्या, लोकांची म्हातारी माणसं सांभाळणाऱ्या, केस विंचरता विंचरता भांडणाऱ्या. पहिला एका कंपनीने घेतला आणि चेहरे 'नीट दिसावेत' म्हणून उजळून टाकला. माझ्या बायका पडद्यावर पिठात लोळल्यासारख्या दिसल्या. मी सगळ्यांसमोर कंपनीच्या साहेबाची अक्कल काढली, त्याचा मला आजही पश्चात्ताप नाही. आता तीच कंपनी बाकीचेही मागते आहे. अर्नेस्टीनचा मुलगा डेस्मंड म्हणतो, "मावशी, देऊन टाक ना! कपाटात कोण बघणार आहे ते?" त्याचं खरं आहे, म्हणूनच मला झोप लागत नाही.

तरी चित्रपट अर्नेस्टीनच्याच ताब्यात राहावेत. प्रत्येक चित्रीकरणाआधी मी तिला खुर्चीत बसवून तिच्या चेहऱ्यावर प्रकाश लावून बघत असे, आणि तेवढा तुकडा चित्रित करून त्या चित्रपटाच्या सुरुवातीला जोडून ठेवत असे. "अगं, एकदा तरी मला बोलू दे की सिनेमात!" ती कुरकुरायची. कोणी नवी प्रत काढली, तर आधी तिला त्या प्रतीतला तिचा तुकडा दाखवावा. ती "ही मीच" म्हणाली, तरच प्रत बाहेर जावी. कंपनीला हे मान्य नसेल, तर कपाट बरं.

३. गाडी डेस्मंडला. त्याच्यावर राग नाही. थोडा आहे.

४. अंत्यविधी. आई गेली तेव्हा दर्शनासाठी शवपेटी उघडी ठेवली होती. अंत्यविधीवाल्याने तिला पावडर फासून गोरी केली होती. सहा वर्षांची अर्नेस्टीन माझा हात ओढून मोठ्याने म्हणाली, "ही आपली आई नाही. आई कुठंय?" मी कॅमेरा हातात घेतला तो त्या प्रश्नामुळे. मला मरणाची भीती वाटते, पण त्या पावडरीची जास्त.

म्हणून लोक येण्याआधी अर्नेस्टीनने एकटीने पेटीपाशी जावं. सोबत ओला रुमाल न्यावा. मी दिसेपर्यंत पुसावं. मगच दार उघडावं.

सही: लव्होनिया पेटवे

आमच्या डोळ्यांदेखत सही झाली:
ओडेल रस्क, शेजारीण
विल्हेल्मिना क्रूज, चर्चच्या गायनवृंदातली

बाल्टिमोर, १४ नोव्हेंबर २०१९