कानतुट्याची जागा

जुमेरा लेक टॉवर्स, दुबई
१४ नोव्हेंबर २००८

ती. आजीस,
सा. न. वि. वि.

बाबा म्हणाले की आजीला पत्र लिहायचं तर पहिली ओळ अशीच पाहिजे. सा न वि वि म्हणजे काय असं विचारलं, तर म्हणाले आजीलाच विचार. मला तर तो गेमचा चीट कोड वाटला.

तू पुण्याला गेल्यापासून घरात कोणी ओरडत नाही. मम्मा म्हणते बरं झालं, खालच्या मजल्यावरची फिलिपिनो आंटी आता लिफ्टमध्ये हसते. तू इथे होतीस ते तीन महिने ती आपल्याला घाबरूनच होती, कारण ‘ब्रिकयार्ड क्रू’ खेळताना तू हाण मेल्याला, हाण मेल्याला असं किंचाळायचीस.

आता खरी बातमी. दुसरा भाग येतोय! पहिल्याला सात वर्षं झाली, आणि त्याच्या शेवटी तो पूल तुटतो, मी एका काठावर, तू दुसऱ्या काठावर, आणि स्क्रीन काळी होते, तिथेच सगळी दुनिया सात वर्षं अडकली आहे. माझी मैत्रीण हुमेरा हिच्या भाईने नेटवर वाचलं की पुढच्या दिवाळीपर्यंत नक्की. तुझा एका कानाचा बॉक्सर पण परत येणार. तू त्याला कानतुट्या म्हणतेस हे मी हुमेराला सांगितलं, आता तिचं सगळं घर कानतुट्याच म्हणतं.

बाबांच्या ऑफिसमध्ये सगळे हळू आवाजात बोलतात असं ते मम्माला सांगत होते. मला विचारू नको, मला एवढंच कळलं.

यल्ला आजी, चल चल, लवकर परत ये.

तुझी,
ईशानी


कर्वेनगर, पुणे
७ डिसेंबर २००८

चि. ईशानीस,
अ. उ. आ.

हाही चीट कोडच आहे. अनेक उत्तम आशीर्वाद. फुकट मिळतो आणि कितीही वापरला तरी संपत नाही. तुझा होता तो साष्टांग नमस्कार विनंती विशेष. साष्टांग म्हणजे आठ अंगं जमिनीला टेकवून. तू सोफ्यावर लोळत लिहिलं असशील, तेव्हा जवळपास तेच झालं.

तुझ्या आईला सांग की मी ओरडत नव्हते, मार्गदर्शन करत होते. सत्र न्यायालयात एकतीस वर्षं लघुलेखिका होते मी. खऱ्या टोळ्यांच्या जबान्या ह्या हाताने उतरवून घेतल्यात. खरे गुंड आरोपीच्या पिंजऱ्यात उभे राहिले की पाणी मागतात आणि आईचं नाव सांगताना रडतात. तुझ्या वीटभट्टीवाल्यांना त्यामानाने शिस्त आहे. आपली गल्ली सोडून कुठे जात नाहीत आणि दुबळ्याला हात लावत नाहीत. म्हणून मी खेळले. नाहीतर पासष्टाव्या वर्षी कोण गुद्दागुद्दी करतं?

खालच्या मजल्यावर राहणाऱ्या माझ्या बहिणीला, विभावरीला, हे सांगितलं तर तिने देवाला हात जोडले. माझ्यासाठी की गुंडांसाठी, ते कळलं नाही.

आता नीट ऐक. कानतुट्याची जागा माझी. हुमेराला द्यायची नाही, बापाला तर मुळीच नाही. पूल तुटलाय तिथे आपण दोघीच परत जाऊ. शब्द दिला.

लोभ आहेच; वाढवून हवा असेल तर शुद्धलेखन सुधार.

तुझी,
आजी


मोहम्मद बिन झायद सिटी, अबू धाबी
१९ जून २००९

ती. आजीस,
सा. न. वि. वि. (ह्या वेळी टेबलावर बसून.)

पत्ता बघ. आम्ही शिफ्ट झालो. बाबांची कंपनी खलास. चार महिने ते घरीच होते, थालीपीठ करायला शिकले आणि माझं गणित घेत बसायचे, जे जास्त वाईट होतं. आता इथे नोकरी मिळाली आहे, पूर्वीपेक्षा छोटी, पण मम्मा म्हणते की ती आहे हेच खूप. वर्गातले नऊ जण गेले. हुमेराचं घर पण रत्नागिरीला परत गेलं. एअरपोर्टवर ती मला इंग्लिशमध्ये बाय म्हणाली आणि मग एकदम मराठीत रडली.

आणि आजी, गेम पुढे गेला. त्या कंपनीकडे पण पैसे नाहीत, निम्मी माणसं काढून टाकली, आणि तारीख नंतर कळवू असं लिहिलं आहे. घर सोडताना मी रडले नव्हते, पण हे वाचून रडले, म्हणून मम्माचा ओरडा खाल्ला. तू मला ओरडणार नाहीस म्हणून तुला लिहिते.

तुझं मागचं पत्र टाइप केलेलं का होतं? बाबांच्या ऑफिसच्या पोस्ट बॉक्समध्ये आलं, तर पोस्ट आणणारे खैरुद्दीन अंकल घाबरले, त्यांना वाटलं बाबांना कोर्टाची नोटीस आली. मला तुझं वाकडं अक्षर आवडतं.

तुझी,
ईशानी


कर्वेनगर, पुणे
२ ऑगस्ट २००९

चि. ईशानीस,
अ. उ. आ.

माझं अक्षर वाकडं नव्हतं, वळणदार होतं. अंगठा दुखतो म्हणून टाइप करते, दुसरं काही नाही. हे यंत्र कोर्टाच्या लिलावात घेतलेलं, माझ्याच टेबलावरचं. ते मला ओळखतं.

रडलीस ते ठीक केलंस. घरासाठी रडायला मोठी माणसं असतात. पण नंतर कळवू म्हणजे नाही असं नव्हे. एकतीस वर्षं मी पुढच्या तारखा टाइप केल्या. माणसं कंटाळायची, चपला झिजवायची, पण ज्याचं खरं असायचं तो तारखेला हजर राहायचा. आपणही राहू.

हल्ली वर्तमानपत्र विभावरी वाचून दाखवते. तिचा आवाज छान आहे, म्हणून. सुजीतला सांग, थालीपीठाला कांदा बारीक चिरायचा असतो.

लोभ धरून ठेव, मीही धरला आहे.

तुझी,
आजी


मोहम्मद बिन झायद सिटी, अबू धाबी
११ मार्च २०१०

तीर्थस्वरूप आईस,
साष्टांग नमस्कार.

तुझं पत्र आलं. पहिला परिच्छेद व्यवस्थित आणि दुसरा पूर्ण अगम्य. एकही शब्द मराठी नाही, कुठल्याच भाषेतला नाही. ईशानीला वाटलं की तू टोळीची गुप्त भाषा काढली आहेस. प्रत्येक अक्षराला एक बटण ठरवून दोन दिवस ती ते जुन्या गेममध्ये घालून बघत होती.

तिसऱ्या दिवशी मी ऑफिसात बसलो असताना माझ्या लक्षात आलं. लहानपणी मे महिन्याच्या सुट्टीत तूच मला टायपिंग शिकवलं होतंस, डोळ्यांवर रुमाल बांधून. मी टेबलावर बोटं ठेवली आणि उजवा हात एक कळ उजवीकडे सरकवून तुझी ती अक्षरं तिथेच टाइप केली, तशी बोटांना खरे शब्द कळले. तो परिच्छेद असा आहे: मी अगदी ठणठणीत आहे, माझी काळजी करू नये.

आई, तुझ्या हाताखालून कधी खाडाखोडीचा कागद बाहेर गेला नाही. हा कागद तू नुसता पाहिला असतास तरी फाडून टाकला असतास. म्हणून मी विभामावशीला फोन केला. तिने आधी थापा मारल्या आणि मग सगळं सांगितलं. दीड वर्ष, आई! मी इथे नोकरी गेल्याचं तुझ्यापासून दोन आठवडे लपवलं तर तू मला फोनवर उभा-आडवा घेतला होतास.

मी चिडलो आहे आणि त्याहून जास्त घाबरलो आहे. कोणते डॉक्टर, काय म्हणाले, सगळं लिही. दोन्ही हात जागेवर ठेवून.

तुझा,
सुजीत


कर्वेनगर, पुणे
४ एप्रिल २०१०

चि. सुजीत व चि. ईशानी यांस,
अनेक आशीर्वाद.

विभावरी शेजारी बसून प्रत्येक ओळ तपासते आहे, तेव्हा हे पत्र अधिकृत समजावं.

डोळ्यांच्या पडद्याचा मधला भाग झिजतो आहे. डॉक्टर म्हणतात तो परत येणार नाही, पण कडेचं दिसत राहील. म्हणजे समोर माणूस आला तर त्याचा चेहरा नसतो, नुसते कान आणि खांदे असतात. भाजी चिरता येते, चहा करता येतो. वाचता येत नाही. एकतीस वर्षं लोकांच्या साक्षी लिहिल्या आणि खोटी साक्ष पहिल्यांदा स्वतःच दिली, तीही एक कळ सरकून. लाज वाटली.

का लपवलं? सुजीत, तुझं बस्तान हलत होतं. आणि ईशानी, तू त्या खेळाची वाट बघत होतीस. मला वाटलं खेळ आधी येईल, डोळे नंतर जातील. हिशेब चुकला.

म्हणून मी माझा शब्द मोकळा करते. कानतुट्याची जागा तू ज्याला हवी त्याला दे. ज्याला समोरचं दिसतं अशाला दे. मला राग येणार नाही. वाईट वाटेल, पण ते माझं मी बघून घेईन.

लोभ होता तसाच राहू दे, कीव मात्र नको.

तुमची,
आई / आजी


मोहम्मद बिन झायद सिटी, अबू धाबी
८ ऑक्टोबर २०१०

ती. आजीस,
सा. न. वि. वि.

विभा आजी, हे मोठ्याने वाचा प्लीज.

आजी, तारीख आली! जानेवारी, पक्की. मी त्या कंपनीला ईमेल लिहिली होती की माझ्या आजीचे डोळे जात आहेत, तर तुम्ही जरा लवकर करा. त्यांचं उत्तर आलं की तुमच्या सूचनेबद्दल आभार. मम्मा म्हणते ते सगळ्यांना तेच पाठवतात. मला तरी वाटतं त्यांनी घाई केली.

आता माझं ऐक. मी जागा कोणालाही दिलेली नाही आणि देणार नाही. बाबांनी विचारलं होतं, मी नाही म्हटलं. तू आली नाहीस तर मी तो बॉक्स उघडणारच नाही, तसाच कपाटावर राहील, आणि मी चौदा वर्षांची आहे, मी खूप हट्टी असू शकते. ह्याला तू कीव म्हणू नको. पूल तुटला तेव्हा पलीकडे तू होतीस. दुसरं कोणी पलीकडे नव्हतंच, तर मी दुसऱ्या कोणाला कशी घेऊ?

बाबा व्हिसाचे पेपर पाठवतात. इन्शाल्ला जानेवारीत.

तुझी,
ईशानी


मोहम्मद बिन झायद सिटी, अबू धाबी
२७ फेब्रुवारी २०११

चि. विभावरीस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

हे पत्र मी सांगते आहे आणि ईशानी लिहून घेते आहे. मी जन्मभर दुसऱ्यांचं बोलणं जसंच्या तसं उतरवलं, एक अक्षर गाळलं नाही. तोच नियम तिला घातला आहे. मी सांगेन ते सगळं लिहायचं, आवडलं नाही तरी. शुद्धलेखनाची जबाबदारी माझी नाही.

इथे हवा छान आहे. सुजीतचे केस गेले आणि पोट आलं. कान-खांदे पाहूनही तेवढं कळतं. सूनबाई आभा मला स्वयंपाकघरात पाऊल टाकू देत नाही, म्हणून ती बाहेर गेली की मी जाते.

आता खेळाचं. मी येईपर्यंत बॉक्स खरोखरच कपाटावर होता, कागदसुद्धा काढलेला नव्हता. पहिल्या दिवशी बसलो. पडद्याच्या मधोमध कानतुट्या उभा असतो म्हणे. मला तिथे राखाडी डाग. मी त्याला सरळ समुद्रात चालवत नेला, लागोपाठ तीनदा. ईशानीने हातातलं ठेवलं, बाथरूममध्ये गेली आणि नळ सोडला. नळ कशासाठी सोडतात ते मला ठाऊक आहे. मी इकडे सोफ्यावर रडून घेतलं, खोटं कशाला बोलू.

दुसऱ्या दिवशी मी मान तिरकी करून बसले, कोंबडी दाणा बघते तशी. आणि विभा, काय सांगू! मधलं नाही, पण कडा लख्ख. आणि हे सगळे गुंड येतात कुठून, तर कडेनेच! पोरीच्या आधी मला दिसायला लागले. तेव्हापासून मधलं ती सांगते, कडेचं मी सांगते. चौथ्या दिवशी आम्ही पूल ओलांडला. आमची आरोळी ऐकून सुजीत अर्ध्या दाढीला साबण लावलेला तसाच बाहेर धावत आला.

त्यानंतर रोज एक गल्ली सर होत होती. पण गेले दहा दिवस आम्ही मासळीबाजाराच्या गल्लीत अडकलो आहोत. ईशानी म्हणते की ही फार अवघड आहे. मी मान तिरकी करून बसते, तेव्हा माझ्या डोळ्याच्या कडेला पडद्याबरोबर तिचे हातही येतात. गुंड अंगावर येतो आणि तिचा अंगठा हलतच नाही. मुद्दाम मार खाते. पुढे फक्त तीन गल्ल्या उरल्यात आणि माझं तिकीट पाच मार्चचं आहे.

इथे लिहिणारीचं पेन थांबलं आहे. लिही बाळ, नियम म्हणजे नियम.

विभा, ह्या मुलीने अडीच वर्षं ह्या खेळाची वाट पाहिली, आणि आता तो संपू नये म्हणून रोज मरते आहे. मला आजवर कोणी असं धरून ठेवलं नव्हतं. आज सकाळी मी सुजीतला सांगून तिकीट पुढे ढकललं. व्हिसा संपेपर्यंत, एप्रिलच्या वीस तारखेपर्यंत, मी येत नाही. माझ्या कुंड्यांना पाणी घाल आणि दूधवाल्याला सांग.

लोभ तिकडचाही असू दे. इकडे तो जरा जास्तच मिळतो आहे.

तुझी,
ताई

ता. क. विभा आजी, मी ईशानी. नियम होता म्हणून सगळं लिहिलं. पण एक गोष्ट आजीने सांगितलीच नाही. मासळीबाजारात ती पण रोज कानतुट्याला समुद्रात घालते. आणि तिथे समुद्र मध्ये नाही, अगदी डाव्या कडेला आहे. तो तिला लख्ख दिसतो.