बाहेरची पंगत

सौंसर
दि. ९ जानेवारी १९८५

ती. उत्तमदादास,
धाकट्या पुष्पाचा सविनय जयभीम. वि. वि.

इकडे सगळे खुशाल. वहिनीने विणलेला स्वेटर बाबांनी घातला, पण वर जुनं जाकीट चढवूनच. तू मात्र इटारसीच्या पार्सल ऑफिसात पेट्यांवरचे पत्ते वाचून वाचून बहिणीचा पत्ता विसरलास असं दिसतं.

बातमी अशी की लोकसंगीत मेळ्याचं यंदा दहावं वर्ष. पहिल्या वर्षापासून गाणाऱ्या कलावंताचा सत्कार करायचं कमिटीने ठरवलं, आणि तसे आता एकटे आपले बाबाच उरले. रविवार, १० फेब्रुवारी. त्यांनी खंजेरीला नवीन चामडं चढवलं आणि रोज सकाळी गोठ्यात बसून बैलांना भजनं ऐकवून राहिले.

यंदा बदलीने इथे आलेली शाळेतली बाई म्हणून मलाही कमिटीत घेतलं. जेवणाचं माझ्याकडे. काल श्रीधरभाऊंनी, म्हणजे तुझ्या कॉलेजातल्या दोस्तानं, मागच्या वर्षीची यादी हाती दिली. तिचे दोन भाग आहेत, आतली पंगत आणि बाहेरची पंगत. आत पाहुणे, परीक्षक आणि गावातली मंडळं. बाहेर आपल्या मोहल्ल्यांतली सगळी मंडळं, एकही न सुटता. बाबांचं नाव बाहेरच्या यादीत सगळ्यांत वर. इतकी वर्षं मी गाणं ऐकून लगेच घरी, आणि लग्नानंतर पांढुर्ण्याच्या बसने सासरी जात होते, जेवायला कधी थांबलेच नाही, म्हणून हे कधी दिसलं नाही. भाऊंना विचारलं तर म्हणाले, सुरुवातीपासूनची व्यवस्था आहे, उत्तमला विचारा.

घरी येऊन आधी साबणाने हात धुतले, अशी शिसारी आली त्या कागदाची. तर विचारते, दादा. ही कसली व्यवस्था?

रागात लिहिते आहे, तरी माया कमी समजू नकोस.
तुझी पुष्पा


इटारसी
दि. १७ जानेवारी १९८५

चि. सौ. पुष्पा हिस,
उत्तमचा सप्रेम जयभीम. वि. वि.

पत्र पोचलं. बाबांच्या सत्काराचं वाचून तुझी वहिनी इतकी हरखली की तिने शेजारपाजारी गोड वाटलं.

तू लहान होतीस म्हणून सांगतो. शहात्तर साली मेळा सुरू झाला तेव्हा शाळेच्या पटांगणात चार लाकडी तखतपोस जोडून केलेला मंच, एक उसना माईक आणि पाच मंडळं होती. कल्पना श्रीधरची आणि माझी. आपल्या भागातलं दंढारीचं गाणं, खंजेरी, पेरणीची गाणी, सगळं मरून चाललं होतं. बाबा माईकसमोर उभे राहिले आणि तो कसला बोंडा म्हणून त्यांनी आधी त्यावर टिचकी मारली. लोक हसले. मग बाबांनी तोंड उघडलं आणि पटांगण गप्प झालं. आज साठ मंडळं येतात, नागपूरहून परीक्षक येतात, ते त्या दिवसामुळे.

पंगतीचं म्हणशील तर कलावंत गाऊन थकून येतात, त्यांना मोकळ्या हवेत बरं वाटतं, एवढंच असावं. फार उकरू नकोस. बाबांचा एक दिवस आहे, तो त्यांना सुखाने मिळू दे. मला रजा मिळत नाही.

तब्येतीला जप, आणि भावावर भरवसा राहू दे.
तुझा दादा, उत्तम


सौंसर
दि. १३ फेब्रुवारी १९८५

उत्तमदादास जयभीम. वि. वि.

मोकळी हवा मी पाहून आले. शाळेच्या मागे मुतारीची भिंत आहे, तिच्या कडेने सतरंज्यासुद्धा न टाकता बसवतात. पत्रावळी मातीवर. वाढपी वरण इतकं उंचावरून सोडत होता की शिंतोडे लोकांच्या मांडीवर उडत होते. पाणी ओंजळीत ओततात, मग्गा कोणाच्या हाती देत नाहीत. आणि आत, पंधरा पावलांवर, स्टीलची ताटं आणि जिलबी. मी कमिटीत महिनाभर भांडले. एकाच ठिकाणी बसवा म्हटलं, नाहीतर मी यातून निघते म्हटलं. सगळ्यांनी माना डोलावल्या, आणि रविवारी सकाळी येऊन पाहते तर माझ्या नकळत जुनीच यादी आचाऱ्याला गेलेली.

सत्कार झाला. नागपूरच्या पाहुण्यांनी अर्धा तास भाषण केलं, ही माणसं म्हणजे या मातीचा सुगंध वगैरे. मला मागून त्या मुतारीचाच वास येत होता. श्रीधरभाऊंच्या काकांनी शाल बाबांच्या खांद्यावर वरूनच सोडली, बोटही लागू दिलं नाही. बाबांनी ती नीट केली, खंजेरी घेतली आणि गायले. दादा, असे गायले की माझ्या वर्गातल्या मुली रडल्या.

मग जेवायची हाक झाली. पाहुणे बाबांचा हात धरून आत न्यायला निघाले तर भाऊ मध्ये आले आणि म्हणाले की रामाजींना त्यांच्या मंडळासोबतच आवडतं. मी सगळ्यांसमोर विचारलं, कोणी सांगितलं तुम्हाला? ते मला बाजूला घेऊन हळूच बोलले, “तुमच्या भावानंच कबूल केलं होतं, पहिल्या वर्षी.”

मी कमिटीचा बिल्ला काढून त्यांच्या टेबलावर ठेवला आणि मागे जाऊन पंगतीत बसले. बाबा तिथे नव्हतेच. ढोलकीवाल्या गुलाबकाकांना विचारलं तर ते मान खाली घालून म्हणाले की रामाजी इथं कधी बसत नसतात. कुठे जातात ते त्यांनी सांगितलं नाही.

त्या लोकांची किळस येते हे खरं. पण ते परके आहेत. तू कबूल केलंस? खरं लिही. खरं नसेल तर लिहू नकोस, तुझं मोकळ्या हवेचं दुसरं पत्र मला वाचवणार नाही.
पुष्पा


इटारसी
दि. २० फेब्रुवारी १९८५

चि. सौ. पुष्पा हिस जयभीम. वि. वि.

हो. कबूल केलं.

श्रीधरच्या काकांच्या कापसाच्या दुकानात, ओट्यावर बसून. ते म्हणाले, माईक देतो, मांडव देतो, तुझा बाप गाईल, पण जेवण वेगळं, नाहीतर गावातली मंडळं येणार नाहीत. श्रीधर खाली पाहत होता. माझ्या हातात चहा होता. कोनाड्यात उपडा ठेवलेला कप, तो फक्त माझ्यासाठी काढायचे, हे मला वर्षभर माहीत होतं आणि मी त्यातून चहा पीत होतो. त्या दिवशीही संपवला. मग हो म्हणालो.

तेवीस वर्षांचा होतो. बाबांना माईकसमोर पाहायचं होतं, आणि एवढ्याशा गोष्टीसाठी अडू नये असं वाटलं. बाबांना सांगितलं की कलावंतांसाठी मागे खास मोकळ्यात व्यवस्था आहे. त्यांनी बरं म्हटलं. पुढच्या वर्षी मी सांगितलं नाही, कोणी विचारलंही नाही. नोकरी लागली, इकडे आलो. रजा मिळत नाही हे दर फेब्रुवारीत लिहितो, ते खोटं असतं. ती भिंत मला पाहायची नसते.

तू लिहिलेलं वरणाचं वाचलं आणि ताटावरून उठलो. स्वतःचीच किळस येणं म्हणजे काय ते या आठवड्यात समजलं. धुऊन निघत नाही. बाबांना काय सांगू, ते तू सांग.

मला माफ कर असं लिहीत नाही. पत्र मात्र बंद करू नकोस.
उत्तम


मुक्काम गावी
दि. २४ मार्च १९८५

चि. उत्तम यास,
रामाजीचा जयभीम आन् आशीर्वाद. वि. वि.

तुह्यं पत्र पुष्पानं मले वाचून दाखवलं. मंग रडली. मी चौथी शिकलो तरी हे मीच लिहून राहिलो, अक्षर कसंबी असो.

मले पहिल्याच वर्षी समजलं होतं. तू मोकळी हवा म्हनला तवाच तुह्यं तोंड पाहून समजलं. मी त्या पंगतीत एक दिवस बसलो नाही. तुही माय भाकर बांधून देत होती, ती मी नदीवर जाऊन खात होतो. तिलेबी सांगून ठेवलं होतं, पोराले सांगू नको, त्याले वाईट वाटन.

मंग गेलो काहून? अरे, चाळीस गावचे लोक तिथं येतात. आपल्या बाबासाहेबाचं भजन त्या माईकवरून त्या काकाच्या ओट्यापर्यंत ऐकू जात होतं. त्याले कानात बोटं घालता येत नव्हती. त्याच्यासाठी मी दहा वर्षं गेलो. पन माह्या मंडळाचे लोक भुकेले राहात, ते बसत, आन् मी त्याइले तिथं सोडून जात होतो. हे माह्यं चुकलंच. पुष्पा जाऊन बसली तवा मले समजलं.

मले घिन कशाची आली सांगू? पत्रावळीची नाही. जनमभर पानावरच जेवलो. तू मले इचारलं नाही, याची आली. बाप नाही म्हनन असं वाटलं तुले. मी कदाचित हो म्हनलो असतो. पन ते माह्यं हो राहिलं असतं.

तुहा दोस्त परवा फटफटी घेऊन वावरात आला होता. पुष्पाबाईनं कमिटी सोडली, मंडळं नाही म्हनून राहिली, आता काय करू म्हने. पुढच्या वर्षी सगळ्याइले आत बसवतो म्हनला. मी म्हनलो, जयंतीले आमच्या गावात सगळी मंडळं गाऊन राहिली, एकाच चुलीवरल्या मोठ्या गंजातलं जेवन आहे, तुमी या आन् बसा आमच्या संग. त्यानं घड्याळ पाहिलं. काकाले इचारून सांगतो म्हनला. तिशी ओलांडली, आन् अजून जेवाले काकाले इचारते. मले त्याची कीव नाही आली, वीटच आला. मी सांगतलं, मंग मी काही येत नाही आता. तो म्हनला, रामाजी, तुमच्याबिगर मेळा कसा होईन? मी म्हनलो, नाही होनार.

चौदा एप्रिल रविवारी येते, रजेचं कारन सांगू नको. माईक नाही, गुलाबची ढोलकी आहे. तुले गाता येत नाही हे सगळ्याइले मालूम आहे, म्हनून तुले काम वाढपाचं देलं. पह्यले गुलाबच्या मंडळाले वाढ. वाकून वाढ, प्रत्येकाच्या समोर. सगळ्याइचं झाल्यावर तू माह्या बाजूले बसजो.

सूनबाईले संग आनजो. राग आहे, पन जागा तुही मी राखून ठेवतो.
तुहा बाप, रामाजी