आईचे व्हिडिओ माझ्यामुळे गेले

यतिन,

शिफ्टवरून आलास की वायफाय लावू नकोस, मी मुद्दाम काढून ठेवलंय. तुझे सगळे पासवर्ड मोबाइल डेटावरून बदल.

आईच्या वर्षश्राद्धाची फिल्म करायला मी एडिटिंगचं क्रॅक केलेलं सॉफ्टवेअर उतरवलं. इन्स्टॉल करताना अँटीव्हायरस बंद करा असं त्या साइटवर लिहिलं होतं, मी केला. आज सकाळपासून एकही फाइल उघडत नाही, स्क्रीनवर फक्त खंडणीची धमकी आहे. तू सांगितलं होतंस, "ताई, रीतसर फुकट मिळणारं आहे की, आमच्या युनिव्हर्सिटीत सगळे तेच वापरतात." पण ते नव्याने शिकायचा मला कंटाळा आला.

अजून एक. आईच्या हॉस्पिटलमधल्या व्हिडिओंची तुझी डिस्क मी काल न विचारता लॅपटॉपला जोडली होती. तीही गेली. दोन्ही घेऊन पॅरामॅटाला रिपेअरवाल्याकडे चालले आहे. फार आशा ठेवू नका, असं तो फोनवरच म्हणाला.

आमटी फ्रिजमध्ये आहे, भात तेवढा लाव. बाबांचा पुण्याहून फोन आला तर उचल. फिल्म कुठवर आली विचारतील, तर काही बोलू नकोस. त्यांना मीच सांगेन.

ताई