पाळी माझी होती

अप्पा, गेममधली शेवटची एक शर्यत ठेवून जायला तुम्हाला कुणी सांगितलं होतं? बाकीच्या सगळ्या मारल्या, मग तीही मारायची. पण नाही! सेव केलं, रिमोट माझ्या हातात दिला, "धर गं गाडी" म्हणालात, आणि दुसऱ्या दिवशी मार्केटात पोतं उतरवताना पडलात ते उठलाच नाहीत.

"धर गाडी" हे तुमचं हमालीतलं. हातगाडी ओढणारा दमला की मागचा पुढं यायचा. गेमही आपण तसाच खेळायचो, दोघांत एकच डाव. तुम्ही दुपारी जुईनगरला घरी येता, जेवता, खेळता, मेमरी कार्डावर सेव करता. संध्याकाळी माझ्या भाकऱ्या झाल्या की तिथनंच पुढं मी. आई करवादायची, "बापलेकीनं त्या कार्डाला हळदकुंकू तरी वाहा."

एकदा मी सानपाड्याच्या गेमवाल्याकडनं आपल्या सेवची कॉपी करून आणली. त्यात त्यानं सगळ्या गाड्या आयत्या उघडून दिलेल्या. मला केवढा आनंद! तुम्ही एक चक्कर मारली आणि रिमोट खाली ठेवला.

"ही गाडी कुणी जिंकली?"

"कुणी नाही. मिळाली."

"मग आपली न्हाई." ती कॉपी पुसून टाकलीत. मी रागानं टीव्हीकडं फिरकलेच नाही. संध्याकाळी तुम्हीच आलात, "रुसलीस व्हय? धर गाडी."

आता जुना टीव्ही रविवारी भंगारात चाललाय. नव्याला ह्या गेमची वायर बसत नाही, म्हणजे खेळायचं तर त्याआधीच. दुकानवाला म्हणाला, "ताई, कार्डावरचं कॉम्प्युटरवर कॉपी करून देतो, कायम राहील." राहील हो, मला काय कळत नाही? पण मी ती शर्यत खेळून सेव केलं की पुढची पाळी तुमची. ती घ्यायला कोण येणार? मी खेळत नाही तोवर पाळी माझी आहे, तुम्ही नुसते मार्केटला गेलेले आहात.

म्हणून इतकी वर्षं कार्ड लावते, आपली लाल गाडी उभी दिसते, बघते आणि बंद करते. घरात कुणाला सांगितलेलं नाही.

खेळू का नको, तेवढं सांगा. रविवारी सकाळी भंगारवाला यायच्या आत. मागंही तुम्हाला असे वायदे घालून दिले होते, उत्तर न येताच गेले, ते सोडा. ह्या रविवारी मला उत्तर पाहिजे.