अण्णाच्या नावाचा गाळा

४ जून, मंगळवार

नोटीस आली! सकाळी शटरला चिकटवलेलीच दिसली. 'परवानाधारक चेल्लदुरै यांनी ओळखीच्या कागदांसह स्वतः हजर राहावे, अन्यथा गाळा क्रमांक सात सील करून लिलावात काढण्यात येईल.'

स्वतः हजर! चेल्लदुरै म्हणजे माझा थोरला भाऊ, अण्णा; त्याला जाऊन नऊ वर्षं झाली. कुठून आणू त्याला?

दिवसभर एका मिक्सरची मोटर उघडून नुसता बसलो होतो.

५ जून

शेजारचा मैदीनभाई फोटोंच्या चौकटी करतो. नोटीस वाचून हसला. "अरे इसक्की, नगरपालिकेच्या यादीत आपल्या बाजारात कुणी मरतच नाही! माझा बाप कागदावर एकशेतीन वर्षांचा आहे." मग स्वतःच्या शटरवरची नोटीस काढायला गेला. परत काही हसला नाही.

चूक आमचीच. परवानाधारक गेला तर तीन महिन्यांत कळवायचं, म्हणजे गाळा बायकोच्या नावावर होतो. पण तेव्हा सगळा बाजार म्हणाला, "वेडे आहात का? कळवलं की लिलाव!" आम्ही घाबरलो. अण्णी, म्हणजे अण्णाची बायको, दहाव्याहून नुकती परतली होती. मी तिला म्हटलं, ऑफिसात अक्षर काढायचं नाही. तेव्हापासून दरवर्षी अण्णाची सही मीच करतो.

८ जून

अण्णाचा फोटो ना घरात ना दुकानात. हार घातलेला कुणी पाहिला तर? श्राद्धसुद्धा आम्ही परगावी, नदीकाठी जाऊन उरकतो — चोरासारखं. बिचाऱ्याला आम्ही धड मरूही दिलं नाही.

परवान्यावर त्याचा एक फोटो आहे, पिवळा पडलेला. आज निरखून पाहिला. त्यात मीच दिसतो.

९ जून

कोऱ्या कागदावर माझी स्वतःची सही करून पाहिली. चेल्लदुरै असंच उमटलं! कागद फाडून चुलीत घातला.

११ जून

भरदुपारी ग्राइंडर खोलताना तोंडातून गेलं, "अण्णा, तो बारीक पाना दे." मागं वळून बघायचा धीर झाला नाही. शटर ओढून घरी आलो.

१३ जून

भांडीवाल्या पेरुमाळचा गाळा सील केला. तो मेलेल्या काकाच्या नावावर होता. पातेली, हंडे सगळं रस्त्यावर, आणि पेरुमाळ त्यांच्याजवळ उन्हात उभा. कुणी त्याच्याकडे बघेना. मीही नाही बघितलं.

मला सांगून गेलेत — तुमच्या घरी सोमवारी पडताळणी.

१६ जून, रविवार

अण्णीला सांगितलं, उद्या खरं काय ते सांगून टाकतो. गाळा गेला तर जाऊ दे.

ती तांदूळ निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "आणि मग खायचं काय, इसक्की? तुझं खरं?"

"अण्णी, माझ्याच्यानं आता होत नाही. तो मला दुकानात बसू देत नाही."

"तुला दुकानातच भेटतो," ती म्हणाली. "मला तर घरभर."

मला वाटायचं, भुताची भीती एकट्या मलाच आहे. नऊ वर्षं एका छपराखाली राहून मी तिला कधी विचारलंसुद्धा नाही! लाज वाटली.

पण उद्या सांगणार. ठरलं.

१७ जून

अधिकारी आला, ओट्यावर बसला. मी सगळं सांगायला तोंड उघडलं, तोच अण्णी कॉफी घेऊन बाहेर आली. कपाळाला ठसठशीत कुंकू, केसांत मोगरा. माझ्याकडे हात करून म्हणाली, "हेच की माझे यजमान."

त्यानं परवान्यावरचा फोटो माझ्या चेहऱ्याशी ताडून पाहिला आणि रजिस्टर पुढं सरकवलं. मी अण्णाची सही केली. गाळा वाचला.

अधिकारी केव्हाच गेला. अंधार पडला. कुंकू तिनं अजून पुसलेलं नाही. आत्ता आतून हाक आली — "अहो, पान वाढलंय."