कपबशीसमोर शून्य

रविवार, २० जुलै २०२५

ती. सौ. राजेश्रीताईंना,

विजयमालाचा वाकून नमस्कार. इकडे आम्ही बरे आहोत. तुम्हीही बऱ्या असाल असं धरून चालते, कारण फोन तर तुम्ही उचलत नाही.

पाकिटावर पाठवणारा म्हणून तुमच्या भावाचं नाव टाकलंय. माझं बघून तुम्ही ते न फोडताच चुलीत घातलं असतं. आणि फोन उचलला असता तरी हे मला बोलता आलं नसतं. आईंचे डोळे गेले, पण कान असे, की परसात शेळी कशाला तोंड लावतेय तेही बाजेवरून सांगतात.

सोयाबीन चांगलं उगवलंय, कडेचं थोडं हरणांनी खाल्लं. काळ्या शेळीला दोन करडं झाली. आमची दीपिका पाचवीत गेली. आणि आई रोज पालमची गाडी आली की विचारतात, "राजी उतरली का गं?" संक्रांतीला तुम्ही आला नाहीत तेव्हा म्हणाल्या, कामात असंल. उन्हाळ्यात लेकरांनाही धाडलं नाही. आता पंचमी तोंडावर आली.

तुम्ही का येत नाही ते मला माहीत आहे. विधानसभेला आपले जावई बन्सीधरराव कपबशी घेऊन अपक्ष उभे राहिले, आणि तुमचे सख्खे भाऊ दुसऱ्याच उमेदवाराचे बूथ एजंट. आम्हा नवराबायकोकडून तुम्हाला आशा नव्हतीच. पण आईंनी तुमच्या डोक्यावर हात ठेवून शब्द दिला होता, "माजं एक मत जावयालाच." निकालानंतर बूथवार आकडे मोबाइलवर फिरले. आपल्या बूथवर कपबशीसमोर शून्य. तुमचा शेवटचा फोन मीच उचलला होता. "वैनी, आईला सांगा, तिचं एक मत मला घावलं न्हाई." मी ते आईंना सांगितलं नाही.

ताई, आईंनी शब्द मोडला नाही.

डोळ्यांनी अधू माणसाबरोबर मत टाकायला घरचं एक जण आत जाऊ शकतं. त्या दिवशी मी गेले. मत कुणाला दिलं ते कुठं बोलणार नाही, अशी टेबलावर माझी सही घेतली. उजव्या बोटाला शाई लावली. डाव्या बोटाला माझ्या स्वतःच्या मताची होतीच. समोर तुमचे भाऊ बसलेले. त्यांनी सकाळीच बजावलं होतं, आईचं मत कुठं जातं ते बघ म्हणून. मला याच घरात नांदायचंय, त्यामुळे माझा नाइलाज झाला.

वरचं खोडत नाही, पण ते खोटं आहे. त्यांनी मला काही बजावलं नव्हतं. उलट म्हणाले होते, "आईचं मत आईला टाकू दे."

आत आईंनी विचारलं, "कपबशी कितवी हाय?"

"नववी."

"माजं बोट ठिव तिच्यावर."

मी बोट धरलं. अकरा वर्षं मी त्यांना न्हाऊ घालते, भाकर कुस्करून देते. आणि महिनाभर घरात जप एकच, माझी राजी आणि माझा जावई. माझं नाव फक्त पाणी मागताना. मी ते बोट तिसऱ्या बटणावर नेलं आणि दाबलं. बोट त्यांचं, जोर माझा. काचेमागं चिठ्ठी दिसली, तिच्यावर कपबशी नव्हती. मशीन वाजलं तसे आईंनी त्याला हात जोडले.

"पडलं न्हवं?"

"पडलं."

एका मतानं बन्सीधरराव काही निवडून येणार नव्हते, असं मी मनाला पुष्कळ समजावलं. पण आई अजून दारात बसून येणाऱ्या-जाणाऱ्या बायकांना सांगतात, "जावई पडला, पर गावातनं एक मत हाय त्याला. ते माजं." बायका माझ्याकडं बघतात आणि पदराआड हसतात. आकडा साऱ्या गावाला पाठ आहे, एक त्यांनाच ठाऊक नाही. नखावरची शाई कधीच गेली, तरी पीठ मळताना माझी नजर त्या बोटावर जाते. मला माझीच लाज वाटते, ताई.

मंगळवार

इथपर्यंत लिहून पत्र दोन दिवस पिठाच्या डब्यामागं ठेवलं होतं. आज आईंनी विचारलंच, "कागुद खरडायलीस, कुनाला?"

"राजेश्रीताईंना."

"मंग खाली माजा बी अंगठा घी. माजं बी पत्र व्हतंय."

अंगठा पुढं करून बसल्या. वाटलं, घ्यावा आणि पाकीट बंद करावं. पण दुसऱ्यांदा ते करवेना. दार लावलं आणि पहिल्या ओळीपासून सगळं त्यांना वाचून दाखवलं.

मी पाया पडायला गेले तर त्यांनी पाय आखडून घेतले. मग म्हणाल्या, "आठ म्हैने मी गावभर सांगायलेय गं. कुनीच कसं बोललं न्हाई?"

त्यांनी अंगठा मुठीत घेतला आणि शेजारचं बोट पुढं केलं. "अंगठा नगं. ह्येच बोट घी."

काजळाची डबी आणली. बोट धरायला गेले तर हात झटकला. "कागुद कुटं हाय, तेवढं सांग." मी पत्र त्यांच्यापुढं सरकवलं. त्यांनी चाचपडत बोट स्वतः टेकवलं, म्हणून ठसा तिरका आलाय.

पंचमीला या. माझं तोंड बघू नका वाटलं तर, मी दिवसभर शेतात राहीन. पण त्यांच्यासाठी या.

तुमच्या आईला न्हाऊ घालणारी आणि तिचं मत चोरणारी,
विजयमाला