लावणीची पहिली मूठ

पोशीर, गुरुवार संध्याकाळ

...भाकऱ्या थापल्या, गोठा झाडला आणि शेतावर गेले. मागच्या वर्षीची ती सकाळ. हे जाऊन महिनाच झाला होता. भाताची पहिली मूठ लावायला वाकले, तर थोरली जाऊ म्हणाली, "तू नको गं. पयली मूठ सवाशिणीनं लावायची." मी हात मागे घेतला. का घेतला?

आज वाचनालयाच्या पुस्तकात स्वित्झर्लंडच्या एका स्की-जंपरविषयी वाचलं. बर्फाच्या उतारावरून उडताना बाकीचे हात पुढे ताणायचे, हा अंगाशी ठेवायचा. वर्षानुवर्षं तसाच उडला. मग सगळेच तसे उडू लागले. पहिल्या दिवशी त्याला कोणी काय म्हणालं असेल?

उद्या आमची लावणी. वाद घालायची ताकद नाही.

शुक्रवार. जाऊ बांधावर उभी होती. पहिली मूठ मी लावली.